बर्लिन सायकलवरून पाहायचे, तर भिंतीच्या रेषेने जावे

नाशिकच्या एका कुटुंबाने विचारले आहे की, जूनमध्ये बर्लिनला तीन दिवसांचा मुक्काम आहे, आई-वडिलांनी साठी ओलांडली आहे, घरातल्या कोणीही गेल्या कित्येक वर्षांत सायकल चालवलेली नाही. अशा वेळी मार्गदर्शकासोबतची सायकल सहल घ्यावी का, घेतली तर कोणती घ्यावी, आणि बसमधून शहर पाहण्यापेक्षा त्यात वेगळे काय मिळते? बर्लिनमध्ये अशा सहली नेण्याचे काम मी बराच काळ करत आहे, त्यामुळे थोडे विस्ताराने लिहितो.

सहल अवश्य घ्यावी. मात्र ‘सर्व प्रमुख स्थळे एका सकाळी’ अशा धर्तीची न घेता, ज्या सहलीचा मार्ग बर्लिन भिंतीच्या जुन्या रेषेने जातो ती घ्यावी. माझा हा आग्रह का, ते समजण्यासाठी हे शहर कसे आहे हे आधी ध्यानात घ्यायला हवे.

प्राग किंवा फ्लोरेन्ससारख्या शहरांत इतिहास एका ठिकाणी दाटलेला असतो. तिथे पायी फिरणेच योग्य. बर्लिनचे तसे नाही. शहराचे क्षेत्रफळ सुमारे 891 चौरस किलोमीटर आहे, दुसऱ्या महायुद्धातील बॉम्बवर्षावाने मध्यभागाचा मोठा हिस्सा उद्ध्वस्त झाला, आणि उरलेल्या शहराच्या पोटातून 1961 मध्ये भिंत गेली. त्यामुळे इथे महत्त्वाच्या जागा एकमेकींपासून दूर आहेत आणि त्यांतल्या अनेक जागी डोळ्यांना दिसण्यासारखे फारसे काही उरलेले नाही. हिटलरचा भूमिगत बंकर जिथे होता तिथे आज निवासी इमारती, त्यांच्यासमोर गाड्या लावण्याची साधी मोकळी जागा आणि 2006 मध्ये बसवलेला एक माहितीफलक आहे. बसच्या खिडकीतून अशी जागा निघून गेलेली कळतही नाही. पायी जायचे म्हटले, तर दोन ठिकाणांच्या मधल्या अंतरात ज्येष्ठांचे पाय थकतात. सायकलवर दोन्ही अडचणी सुटतात. शिवाय बर्लिन हिमयुगातील हिमनद्यांच्या वितळलेल्या पाण्याने घडवलेल्या रुंद, सपाट खोऱ्यात वसलेले असल्यामुळे चढ असा जवळपास लागत नाही.

आता भिंतीविषयी. पूर्व जर्मनीने बांधलेली, पश्चिम बर्लिनला चहूबाजूंनी वेढणारी ही सीमा सुमारे 155 किलोमीटर लांब होती, म्हणजे साधारण पुणे ते मुंबई रस्त्याएवढी. त्यांपैकी सुमारे 43 किलोमीटर ती पूर्व आणि पश्चिम बर्लिनच्या मधून, घरे, कालवे, दफनभूमी आणि रेल्वेमार्ग कापत जात होती. 1989 नंतर ती इतक्या झपाट्याने पाडली गेली की, आज शहराच्या मध्यभागी तिचे मोजकेच तुकडे उभे आहेत. मात्र जिथे ती होती तिथे अनेक रस्त्यांवर दगडी चिऱ्यांची दुहेरी ओळ बसवली आहे आणि मधूनमधून ‘बर्लिन भिंत 1961–1989’ असे कोरलेल्या पट्ट्या जडवल्या आहेत. ही ओळ गाडीच्या चाकांखाली येते, फूटपाथवर चढते, एखाद्या इमारतीच्या कोपऱ्याशी दिसेनाशी होते आणि पलीकडे पुन्हा उगवते. तिच्या बाजूने तास-दोन तास सायकल चालवल्यावर एक गोष्ट जशी अंगी भिनते तशी ती नकाशावरून भिनत नाही: ही सीमा दोन देशांमधल्या ओसाड भागात नव्हती, ती एकाच गल्लीतल्या शेजाऱ्यांमध्ये होती.

ज्या सहली मला मनापासून पटतात त्या ब्रांडेनबुर्ग दरवाज्यापाशी किंवा मध्यवर्ती रेल्वे स्थानकाजवळ सुरू होऊन उत्तरेकडे जातात. दरवाज्याजवळ फार वेळ घालवण्याचे कारण नाही. 1788 ते 1791 या काळात तो बांधला गेला, त्यावरचा चार घोड्यांचा रथ 1806 मध्ये नेपोलियनने पॅरिसला नेला आणि 1814 मध्ये तो परत आला. भिंतीच्या काळात हा दरवाजा सीमेच्या आतल्या बंद पट्ट्यात अडकला होता. एवढे ऐकून पुढे निघावे. जवळच संसदेची राइशटाग ही इमारत आहे. तिच्या काचेच्या घुमटात जाणे विनामूल्य असले तरी आगाऊ नोंदणी लागते, म्हणून ते काम सहलीच्या दिवशी न ठेवता दुसऱ्या दिवशी ठेवावे.

रेल्वे स्थानकाच्या मागे कालव्याच्या काठाने रस्ता सुरू होतो. इथे वाहनांची वर्दळ नाही, त्यामुळे सायकलची सवय मोडलेल्या माणसाचा हात याच टप्प्यात बसतो. काठावर 1748 मध्ये स्थापन झालेली इनव्हॅलिडेन दफनभूमी आहे. प्रशिया या जुन्या जर्मन राज्याच्या सेनानींची ही दफनभूमी. भिंतीचा मृत्युपट्टा, म्हणजे आतल्या आणि बाहेरच्या भिंतींमधला पहाऱ्याचा पट्टा, थेट तिच्यातून गेला आणि सैनिकांना गोळीबारासाठी मोकळी जागा मिळावी म्हणून पुष्कळशी थडगी सपाट करण्यात आली. थोडे पुढे, नव्या रहिवासी इमारतींच्या अंगणात, एक जुना टेहळणी बुरूज उभा आहे. तो ग्युंटर लिटफिन या चोवीस वर्षांच्या शिंप्याचे स्मारक आहे. 24 ऑगस्ट 1961 रोजी, म्हणजे सीमा बंद झाल्यावर दोनच आठवड्यांच्या आत, जवळच्या पाण्यातून पोहत पश्चिमेकडे जाताना त्याला गोळी घालण्यात आली. भिंतीवर गोळ्यांनी मारला गेलेला तो पहिला माणूस. त्याच्या भावाने पुढे अनेक वर्षे खपून हा बुरूज स्मारक म्हणून राखला. खिडक्यांत फुलझाडांच्या कुंड्या आणि त्यांच्या मधोमध तो करडा बुरूज, हे दृश्य मला प्रत्येक वेळी अस्वस्थ करते. आणि पाहुण्यांनीही तिथे थोडे अस्वस्थ व्हावे असे मला वाटते.

यानंतर येतो बर्नाउअर श्ट्रासे हा रस्ता, आणि इथे सायकली उभ्या करून किमान पाऊण तास द्यायलाच हवा. जी सहल इथे दहा मिनिटांत आटोपते ती घेऊ नये, इतके मी स्पष्टपणे सांगतो.

या रस्त्याची गोष्ट अशी की, रस्ता आणि फूटपाथ पश्चिम बर्लिनच्या हद्दीत होते, तर दक्षिणेकडच्या घरांच्या भिंती ही पूर्वेची हद्द होती. 13 ऑगस्ट 1961 च्या रविवारी पहाटे काटेरी तारा पसरल्या गेल्या, तेव्हा या घरांतल्या लोकांना पुढचे दार उघडून पाऊल टाकले की पश्चिमेत जाता येत होते. म्हणून आधी दारे बंद करण्यात आली, मग खालच्या मजल्यांच्या खिडक्या विटांनी बुजवल्या गेल्या. लोक वरच्या मजल्यांवरून उड्या मारू लागले. खाली पश्चिम बर्लिनचे अग्निशामक दल जाळी धरून उभे राही. इडा सीकमन या बाईंनी 22 ऑगस्टला तिसऱ्या मजल्यावरच्या आपल्या घरातून आधी गाद्या खाली टाकल्या आणि मग स्वतः उडी घेतली; त्या वाचल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी त्यांचा एकोणसाठावा वाढदिवस होता. त्यानंतर काही आठवड्यांतच या घरांतल्या रहिवाशांना सक्तीने बाहेर काढण्यात आले.

मग लोकांनी जमिनीखालून वाट काढली. याच रस्त्याखालून अनेक भुयारे खोदली गेली. त्यांतले सर्वांत प्रसिद्ध भुयार ऑक्टोबर 1964 चे, ज्यातून दोन रात्रींत 57 माणसे पश्चिमेकडे पोहोचली आणि म्हणूनच ते ‘भुयार 57’ या नावाने ओळखले जाते. आज स्मारकाच्या हिरवळीवर भुयारांची दिशा जमिनीत बसवलेल्या पट्ट्यांनी दाखवली आहे. त्या पट्ट्यांवरून चालत गेले की, हे काम किती लांबीचे होते आणि ते पहारेकऱ्यांच्या पायांखाली चालले होते हे आपोआप उमगते.

रस्त्याच्या मध्यावर सलोख्याचे प्रार्थनामंदिर आहे. इथले मूळ चर्च 1894 चे. ते नेमके मृत्युपट्ट्यात सापडले, वर्षानुवर्षे कोणालाही त्यात प्रवेश नव्हता, आणि जानेवारी 1985 मध्ये पूर्व जर्मनीच्या शासनाने ते सुरुंग लावून पाडले. भिंत पडायला तेव्हा पाच वर्षेही उरली नव्हती. त्याच जागी 2000 साली नवे छोटे प्रार्थनामंदिर उभे राहिले, तेही चोपलेल्या मातीच्या भिंतींचे, आणि त्या मातीत जुन्या चर्चचा चुरा मिसळलेला आहे. भोवती राय या धान्याचे शेत आहे. मृत्युपट्ट्याच्या जमिनीत धान्य पेरण्याची ही कल्पना मला सगळ्या बर्लिनमधल्या स्मारकांत सर्वांत सखोल वाटते. जून महिन्यात जाल तेव्हा पीक उभे असेल.

समोरच्या माहितीकेंद्राच्या मनोऱ्यावर चढून पाहिले की सीमेची पूर्ण रचना दिसते. आपण तिला ‘भिंत’ म्हणतो, पण ती एकटी भिंत नव्हती. पूर्वेकडून आलेल्या माणसाला आधी आतली भिंत, मग इशारा देणारी तारांची कुंपणे, दिव्यांचे खांब, बुरूज, गस्तीचा रस्ता, पावलांचे ठसे उमटावेत म्हणून विंचरून ठेवलेली वाळू आणि शेवटी बाहेरची उंच भिंत, एवढे पार करावे लागे. भिंतीपाशी किमान 140 माणसांचा जीव गेला. स्मारकात त्यांची छायाचित्रे आहेत आणि त्यांत लहान मुलेही आहेत. आई-वडिलांना मनोऱ्याचे जिने झेपणार नसतील तर खालच्या हिरवळीवरची छायाचित्रांची भिंत तेवढी जरूर पाहावी. प्रवेशशुल्क कुठेही नाही. जवळच्या नॉर्डबानहोफ स्थानकात ‘भुतांच्या स्थानकां’विषयीचे छोटे प्रदर्शन आहे: पश्चिम बर्लिनच्या काही गाड्या पूर्वेच्या जमिनीखालून जात, आणि मधली स्थानके बंद, अंधारी, सशस्त्र पहाऱ्यात असत, गाडी तिथे फक्त वेग कमी करून पुढे जाई.

वेळ उरला तर तिथून आणखी उत्तरेला ब्योझे पुलापर्यंत जावे. 9 नोव्हेंबर 1989 च्या संध्याकाळी पूर्व जर्मनीच्या सत्ताधारी पक्षाचे प्रवक्ते ग्युंटर शाबोव्स्की यांनी पत्रकार परिषदेत प्रवासाचे नवे नियम वाचून दाखवले, आणि ते कधीपासून लागू होणार या प्रश्नावर ‘ताबडतोब’ असे उत्तर दिले. ते ऐकून हजारो लोक या पुलावरच्या नाक्यापाशी जमले. वरून स्पष्ट आदेश येईना, गर्दी वाढत चालली, आणि रात्री साडेअकराच्या सुमारास नाक्यावरचे अधिकारी हाराल्ड येगर यांनी स्वतःच्या जबाबदारीवर फाटक उघडले. पुलाजवळची चेरीची झाडे जपानी नागरिकांच्या देणगीतून लावलेली आहेत. वाटेत माउअरपार्क लागतो. रविवारी तिथे जुन्या वस्तूंचा मोठा बाजार भरतो आणि सायकल पुढे सरकत नाही, म्हणून सहल शक्यतो रविवारी ठेवू नये.

दक्षिणेकडे जाणाऱ्या सहलीही असतात. त्यांत 2,711 काँक्रीट ठोकळ्यांचे ज्यू हत्याकांडाचे स्मारक, गेस्टापो या नाझी गुप्त पोलिसांच्या मुख्यालयाच्या जागेवरचे प्रदर्शन आणि त्यालगतचा भिंतीचा सुमारे 200 मीटरचा तुकडा, आणि पुढे चेकपॉइंट चार्ली हा जुना सीमा-नाका हे भाग येतात. पहिली दोन ठिकाणे फार महत्त्वाची आहेत, पण ती सावकाश, पायी पाहण्याची आहेत. चेकपॉइंट चार्ली इथला आजचा पहारेकऱ्यांचा खोका ही प्रतिकृती आहे आणि आजूबाजूला दुकानांची गर्दी आहे. तिथे थांबण्यापेक्षा जवळच्या त्सिमर श्ट्रासेवर पेटर फेश्टरचे स्मारक पाहावे. 17 ऑगस्ट 1962 रोजी हा अठरा वर्षांचा तरुण भिंत ओलांडताना गोळी लागून पडला आणि दोन्ही बाजूंच्या लोकांदेखत जवळपास तासभर रक्तस्राव होऊन मरण पावला.

मार्गदर्शक निवडताना एक गोष्ट ध्यानात ठेवावी: जर्मनीत शहर दाखवण्यासाठी परवाना लागत नाही, त्यामुळे हा व्यवसाय कोणालाही करता येतो आणि गुणवत्तेत जमीन-अस्मानाचा फरक असतो. आरक्षणापूर्वी तीन गोष्टी विचाराव्यात. गटात जास्तीत जास्त माणसे किती? दहा-बारांपेक्षा जास्त असतील तर मागच्यांना काही ऐकू येत नाही आणि प्रत्येक सिग्नलला गट तुटतो. बर्नाउअर श्ट्रासेवर किती वेळ थांबतात? आणि आई-वडिलांची उंची सांगून, त्या मापाची सायकल नक्की मिळेल का? शेवटचा प्रश्न क्षुल्लक वाटेल, पण उत्तर युरोपातल्या सायकली उंच असतात आणि पाच फुटांच्या आसपास उंची असलेल्या आपल्या आया-मावश्यांचे पाय जमिनीला टेकत नाहीत. लहान चाकांची, आडवा दांडा नसलेली सायकल आधी सांगून ठेवली तर मिळते. सीट एवढी खाली घ्यावी की बसल्या बसल्या दोन्ही पायांचे चवडे टेकतील. घोट्याजवळ आवळलेली सलवार किंवा पँट बरी. ओढणी मागच्या चाकात जाणार नाही अशी बांधावी.

सायकल हातात आल्यावर पहिली तपासणी ब्रेकची. इथल्या भाड्याच्या अनेक सायकलींना मागचा ब्रेक हँडलवर नसतो, पेडल उलटे फिरवले की तो लागतो. आपल्याकडे पेडल उलटे फिरवण्याची सवय हमखास असते, विशेषतः सिग्नलला थांबल्यावर पेडल वर आणण्यासाठी. इथे तसे केले तर सायकल जागच्या जागी अडते आणि माणूस गोंधळून तोल घालवतो. निघण्यापूर्वी मोकळ्या जागेत दहा वेळा चालवून-थांबवून पाहावे.

सराव करायला एक उत्कृष्ट जागा आहे. टेम्पेलहोफ विमानतळ 2008 मध्ये बंद झाला आणि 2010 पासून त्याचे मैदान लोकांना खुले आहे. सोव्हिएत नाकेबंदीच्या काळात, 1948-49 मध्ये, ज्या धावपट्ट्यांवर पश्चिम बर्लिनसाठी धान्य आणि कोळसा घेऊन विमाने उतरत होती, त्यांच्यावरून आज सायकली धावतात. एकही मोटार नाही, रस्ता रुंद आणि सपाट. पोहोचल्याच्या दिवशी संध्याकाळी भाड्याच्या सायकली घेऊन आई-वडिलांना तिथे तासभर फिरवून आणा. जूनमध्ये रात्री नऊनंतरही उजेड असतो. तिथे त्यांना जमले आणि आवडले तरच दुसऱ्या दिवशीच्या सहलीत न्यावे. नाही जमले तर आग्रह करू नये. बर्नाउअर श्ट्रासेला ट्रामने सहज जाता येते आणि तुम्ही सायकलवरून तिथे पोहोचाल तेव्हा ते तिथे भेटू शकतात. विजेवर चालणारी सायकल मात्र केवळ वय झाले म्हणून घेऊ नये. इथे चढ नाहीत, आणि जड सायकल सावरणे सवय मोडलेल्यांना अधिक कठीण जाते.

वाहतूक उजव्या बाजूने चालते, हे डोक्याला माहीत असले तरी वळताना शरीर विसरते. म्हणून पहिल्या अर्ध्या तासात मार्गदर्शकाच्या ओळीतून बाहेर पडू नये. सायकलसाठी सिग्नल पाळणे बंधनकारक आहे. लाल दिवा ओलांडल्यास किमान 60 युरो आणि चालवताना फोन हातात घेतल्यास 55 युरो दंड होतो. गटातला पुढचा माणूस हिरव्यात गेला आणि तुमच्यापुढे लाल लागला, तर थांबावे. मार्गदर्शक पलीकडे थांबलेला असतो. ट्रामचे रूळ तिरके ओलांडले तर चाक खाचेत अडकते, ते नेहमी काटकोनात ओलांडावेत. उभ्या मोटारींपासून हातभर अंतर ठेवावे, कारण दार अचानक उघडते. हेल्मेट कायद्याने सक्तीचे नाही; मी माझ्या गटातल्या प्रत्येकाला घालायला लावतो.

सहलीत साधारण बारा ते पंधरा किलोमीटर अंतर तीन-चार तासांत होते आणि त्यातला निम्म्याहून अधिक वेळ थांबून ऐकण्यात जातो, त्यामुळे दमछाक होत नाही. चांगला मार्गदर्शक सायकल चालवता चालवता इतिहास सांगत नाही. तो सांगू लागला तर त्याला थांबून सांगण्याची विनंती करावी. सहली बहुधा इंग्रजीत असतात, तेव्हा आई-वडिलांसाठी आदल्या रात्री 1945, 1961 आणि 1989 या तीन वर्षांची गोष्ट मराठीत नीट सांगून ठेवावी. शहर चार विजेत्या राष्ट्रांत का वाटले गेले, 1961 पर्यंत पंचवीस लाखांहून अधिक लोक पूर्व जर्मनी सोडून का गेले, आणि मग भिंत का बांधली गेली. एवढे ठाऊक असले की प्रत्येक जागा त्यांना स्वतःहून कळते.

तिसऱ्या दिवशी वेळ असला, तर मराठी माणसासाठी आणखी एक जागा सुचवतो. शहराच्या नैर्ऋत्येला डालेम भागात इने श्ट्रासेवर 22 क्रमांकाची इमारत आहे. आज ती फ्री विद्यापीठाकडे आहे. पूर्वी तिथे कैसर विल्हेल्म मानववंशशास्त्र संस्था होती. इरावती कर्वे 1920 च्या दशकाच्या अखेरीस इथेच ऑयगेन फिशर यांच्या हाताखाली डॉक्टरेटसाठी कवट्यांच्या असममितीवर, म्हणजे डाव्या-उजव्या बाजूंतल्या फरकावर, संशोधन करत होत्या. फिशर वंशश्रेष्ठत्वाच्या सिद्धान्ताचे पुरस्कर्ते. परंतु मोजमापांतून वंशाचा आणि असममितीचा संबंध दिसत नाही, असा निष्कर्ष इरावतीबाईंनी मांडला. पुढे नाझी राजवटीत ही संस्था भयंकर गुन्ह्यांत सामील झाली, आणि त्याची कबुली देणारा फलक इमारतीवर लावलेला आहे. कोणतीही सहल तिथे जात नाही. सायकलचे वेगळे तिकीट काढून ती भुयारी रेल्वेत नेता येते. तिसऱ्या क्रमांकाच्या मार्गावर विद्यापीठाच्या स्थानकावर उतरावे, तिथून ती इमारत अगदी जवळ आहे. डालेमचे रस्ते शांत आणि झाडांच्या सावलीचे आहेत, त्यामुळे आई-वडील आदल्या दिवशी सायकलवर रुळले असतील तर त्यांनाही हा भाग मार्गदर्शकाशिवाय सहज जमेल.